बोलता येतं, मग लिहिता का येत नाही?

आधी प्रश्न थोडक्यात सांगते. प्रश्नकर्ते एका औषध कंपनीत क्वालिटी विभागात आहेत. मित्रांमध्ये किस्से सांगण्यात त्यांचा हात कोणी धरत नाही. पण ऑफिसातला डेव्हिएशन रिपोर्ट (ठरल्यापेक्षा काही वेगळं घडलं की लिहायचा अहवाल) असो की वडिलांवर लिहायला घेतलेला लेख, दुसऱ्या परिच्छेदात गाडं अडतं. साहेब म्हणतात, "तुझे विचारच स्पष्ट नाहीत." बायको म्हणते, "तू बोलतोस तस्संच लिही ना." यातलं कोणाचं खरं? लिहिता येणं, विचार करता येणं आणि गोष्ट सांगता येणं या तीन गोष्टी आहेत की एकच? आणि यासाठी एखादा लेखनाचा कोर्स लावावा का?

दोघांचंही अर्धं खरं आहे. गंमत अशी की साहेबांचं म्हणणं रिपोर्टपेक्षा वडिलांवरच्या लेखाला जास्त लागू पडतं आणि बायकोचं लेखापेक्षा रिपोर्टला.

मी पुस्तकांचं संपादन करते. निवृत्त अभियंते, डॉक्टर, शिक्षक, बागायतदार यांची पहिलीवहिली हस्तलिखितं माझ्याकडे येतात. मधूनमधून कंपन्यांत अहवाललेखनाच्या कार्यशाळाही घेते. त्यामुळे तुमची दोन्ही दुखणी ओळखीची आहेत. रिपोर्टपासून सुरुवात करू, कारण तिथे कुठे पाणी मुरतंय ते चटकन दिसतं.

पुढचा नमुना अशाच एका कार्यशाळेतला आहे. ओळख पटू नये म्हणून तपशील बदललेत. मूळ इंग्रजीत होता, इथे मराठीत देते. दुखणं भाषेचं नव्हतंच.

"दि. १४ रोजी रात्रपाळीत शीतकक्ष क्र. २ चे तापमान विहित मर्यादेबाहेर गेल्याचे आढळून आले. संबंधित ऑपरेटरकडून अलार्मकडे दुर्लक्ष झाले. तत्काळ कार्यवाही करून तापमान पूर्ववत करण्यात आले. मूळ कारण: मानवी चूक. उपाययोजना: संबंधितास पुनर्प्रशिक्षण देण्यात आले."

व्याकरणाची एकही चूक नाही. शब्द जिथल्या तिथे. तरीही वाचून हाती काय लागतं? तापमान किती वर गेलं, किती वेळ राहिलं, कोणाला आढळलं, केव्हा आढळलं, यातलं काहीच नाही. 'झाले', 'आले', 'करण्यात आले' अशा क्रियापदांमुळे त्या खोलीत जणू माणूसच नव्हता. होता तो फक्त चुकण्यापुरता.

चहाच्या सुट्टीत मी त्या गृहस्थांना विचारलं, नेमकं काय झालं होतं? ते खुलले. "अहो मॅडम, तो अलार्म कधी वाजत नाही ते विचारा. माल आत घेताना दार दोन मिनिटं उघडं राहिलं की झाला सुरू. पाळीत दहा वेळा. पोरगं सवयीनं जातं, बटण दाबतं, परत येतं. त्या रात्री पण गेलं, दाबलं, आलं. सकाळी बघतात तर अकरा डिग्री!" आजूबाजूचे सगळे हसले. प्रत्येकाच्या प्लांटमध्ये असा एक अलार्म असतोच.

दोन ते आठ अंशांत ठेवायचा माल अकरावर गेला, याचं कारण त्या चहाच्या कपाबरोबर सगळं सांगून झालं होतं. अलार्म इतक्या वेळा विनाकारण वाजतो की खरा वाजला तरी तो ऐकणाऱ्याला खरा वाटत नाही. पोराला पुन्हा प्रशिक्षण देऊन काय होणार? बटण कसं दाबायचं ते त्याला माहीतच आहे. उपाय अलार्मवर करायला हवा: दार उघडल्यावर काही मिनिटं उशिराने वाजेल असं करा, किंवा दाराचा आवाज वेगळा आणि तापमानाचा वेगळा ठेवा. म्हणजे विचार त्या माणसाकडे होता, गोष्टीच्या पोटात होता. लिहायला बसल्यावर त्याने गोष्ट बाहेर ठेवली, कारण 'रिपोर्टमध्ये असलं लिहीत नाहीत', आणि गोष्टीबरोबर विचारही बाहेर राहिला. इथे तुमच्या बायकोचं शंभर टक्के बरोबर आहे.

पण मी त्यांना म्हटलं, आत्ता सांगितलंत ते जसंच्या तसं, एका ओळीत एक वाक्य असं लिहून काढा. ते लिहायला लागले आणि "गेलं, दाबलं, आलं" इथे येऊन थांबले. नेहमीही पोरगं बटण दाबूनच येतं. नेहमी दार लावलं की तापमान आपोआप खाली येतं. मग त्या रात्री का नाही आलं?

हा प्रश्न चहाच्या सुट्टीत कोणाला पडला नव्हता. मलाही नाही. गोष्ट इतकी झकास होती की 'अकरा डिग्री'ला टाळी मिळाली आणि विषय संपला. दुसऱ्या दिवशी त्यांनी मेंटेनन्सचं रजिस्टर काढलं, तेव्हा त्या दाराच्या खालच्या कोपऱ्यातलं रबर फाटल्याची नोंद आधीपासूनच सापडली. दार लागल्यासारखं दिसायचं, लागायचं नाही. आणखी एक निघालं. 'पाळीत दहा वेळा' हा आकडा गोष्टीतला होता. नोंदींत तो कधी तीन, कधी चार असा होता. गोष्टीला दहा शोभतात. रिपोर्टमध्ये तीनच लिहावे लागतात, आणि तीनसुद्धा पुरेसे वाईट आहेत.

गोष्ट सांगण्याची हातोटी आणि विचार यांचं नातं मला इथे सगळ्यात स्पष्ट दिसतं. गोष्टीत कारण टिकून राहतं, कारण गोष्ट माणसांना, क्रमाला आणि सवयींना सोडत नाही. पण गोष्ट भोकं बुजवतेही. 'मग' म्हटलं की ऐकणारा पुढे सरकतो, आधीच्या वाक्यातून नंतरचं निघतं का हे तपासत बसत नाही. कागदावर दोन वाक्यं एकाखाली एक पडून राहतात आणि त्यांच्यामधली मोकळी जागा दिसायला लागते. ती जागा दिसणं हीच विचाराची सुरुवात. साहेबांना बहुधा हेच म्हणायचं असतं, फक्त 'विचार स्पष्ट नाहीत' असं म्हटल्यावर समोरच्याने करायचं काय, ते त्यातून कळत नाही.

तुमच्याच क्षेत्रातला एक दाखला देते. युरोपीय संघाच्या औषधनिर्मितीच्या नियमावलीत, पहिल्याच प्रकरणात, असं सांगितलं आहे की मूळ कारण 'मानवी चूक' असं द्यायचं असेल तर ते का, हे दाखवावं लागेल. आणि प्रक्रियेतला, कार्यपद्धतीतला किंवा व्यवस्थेतला दोष नजरेतून सुटलेला नाही याची काळजी घ्यावी लागेल. नियम औषधाचा आहे, पण मला तो लेखनाचाच नियम वाटतो. 'निष्काळजीपणा', 'नशीब', 'परिस्थिती', 'मानवी चूक' हे शब्द आले की लिहिणाऱ्याने विचार तिथे थांबवला असं समजावं.

आता थोडं शास्त्राकडे. कार्ल बेरायटर आणि मार्लिन स्कार्डमालिया या कॅनडातल्या संशोधकांनी १९८७ मध्ये लेखनाच्या मानसशास्त्रावरच्या पुस्तकात लिहिण्याच्या दोन तऱ्हा सांगितल्या. एका तऱ्हेत माणूस विषयाबद्दल जे जे आठवतं ते क्रमाने कागदावर ओततो. आठवणं संपलं की लेख संपतो. दुसऱ्या तऱ्हेत 'काय म्हणायचंय' आणि 'ते वाचणाऱ्याला कसं पोचेल' या दोन प्रश्नांची एकमेकांत रस्सीखेच चालते. वाक्य नीट बसत नाही म्हणून मुद्दा पुन्हा तपासावा लागतो, आणि मुद्दा बदलला की वाक्य. या रस्सीखेचीत लिहिणाऱ्याचं स्वतःचं आकलन बदलतं. दुसऱ्या परिच्छेदात तुमचं गाडं अडतं ना? पहिल्या परिच्छेदात आठवलेलं संपलेलं असतं, आणि दुसरी तऱ्हा शाळेपासून कोणी शिकवलेली नसते. दहावीपर्यंत आपण 'पाऊस पडला नाही तर' आणि 'फाटक्या पुस्तकाचे आत्मवृत्त' लिहीत आलो. सुरुवातीला पाठ केलेली कवितेची ओळ, शेवटी सुविचार, मध्ये पाऊस पडला नाही तर काय काय होईल याची यादी. मार्क चांगले पडायचे. त्या निबंधांनी शुद्धलेखन सुधारलं असेल, पण लिहिता लिहिता आपलं मत बदलू शकतं हा अनुभव त्यांनी आपल्याला कधी दिला नाही.

उलट टोकाला, 'लिहिणं म्हणजेच विचार करणं' असं एक वाक्य हल्ली फार फिरतं. ऐकायला बरं वाटतं, पण ते जरा जास्तच झालं. लिहिता न येणारी माणसं विचार करत नाहीत असं त्यातून निघतं, आणि निदान मराठी माणसाने तरी तसं म्हणू नये. बहिणाबाई चौधरींचा जन्म १८८० चा, जळगावजवळच्या असोद्याचा. त्यांना लिहिता-वाचता येत नव्हतं. जात्यावर आणि शेतात काम करताना त्या गाणी रचत. मुलगा सोपानदेव आणि घरातल्या इतरांनी त्यातली काही उतरवून घेतली, म्हणून ती १९५२ मध्ये, त्यांच्या पश्चात, अत्र्यांच्या प्रस्तावनेसह पुस्तकात आली. मन, संसार, जन्म-मरण यांवर त्या ओळींत जे आहे, तितका घट्ट विचार भल्याभल्या पदवीधरांना गद्यात जमलेला नाही. आणि बहिणाबाई एकट्या नव्हत्या. हेमा राईरकर आणि गी पॉइतवँ या अभ्यासकांनी महाराष्ट्रातल्या खेड्यांमधून ज्या जात्यावरच्या ओव्या जमवल्या, त्यांची संख्या एक लाखाच्या वर आहे. जाती घरोघरची बंद होत गेली आणि न उतरवलेल्या किती ओव्या त्यांच्याबरोबर गेल्या याला हिशेब नाही.

विचार करायला अक्षरं लागतात का, हा वाद अभ्यासकांतही झाला. अलेक्सांदर लुरिया हा रशियन मानसशास्त्रज्ञ १९३१-३२ मध्ये उझबेकिस्तानात गेला आणि निरक्षर शेतकऱ्यांना कोडी घातली. उत्तरेकडे जिथे बर्फ असतो तिथली सगळी अस्वलं पांढरी असतात. नोवाया झेम्ल्या उत्तरेला आहे आणि तिथे कायम बर्फ असतो. तर तिथल्या अस्वलांचा रंग कोणता? बऱ्याच जणांच्या उत्तराचा आशय असा होता की आम्ही तिथे गेलेलो नाही, न पाहिलेल्याबद्दल आम्ही बोलत नाही, जो गेलाय त्याला विचारा. यावरून बऱ्याच जणांनी निष्कर्ष काढला की निरक्षर माणसाला तर्क येत नाही. मला तर त्या उत्तरात चांगल्या वार्ताहराचे गुण दिसतात.

हा निष्कर्ष पुढे सिल्व्हिया स्क्रिब्नर आणि मायकेल कोल या अमेरिकी मानसशास्त्रज्ञांच्या कामाने डळमळीत केला. पश्चिम आफ्रिकेतल्या लायबेरियातल्या वाई लोकांची स्वतःची लिपी आहे. ती शाळेत नाही, घरी-दारी एकमेकांकडून शिकतात, आणि मुख्यतः पत्रं आणि हिशेब लिहायला वापरतात. म्हणजे साक्षर पण शाळेत न गेलेली माणसं तिथे सापडली. १९८१ मध्ये आलेल्या त्यांच्या पुस्तकाचं सार असं की नुसती लिपी आल्याने सर्वसाधारण तर्कशक्ती वाढते असं दिसलं नाही. पण एका कामात वाई लिपी येणारे सरस ठरले. त्यांना पटावरचा एक खेळ शिकवला आणि तो खेळ ज्याने पाहिलेला नाही अशा माणसाला, समोर पट नसताना, समजावून सांगायला लावलं. पत्रं लिहिण्याची सवय असलेले लोक हे काम इतरांपेक्षा चांगलं करत. आधी एकूण खेळ कसला आहे ते सांगत, मग तपशील.

लेखनकौशल्य विचाराला नेमकं काय देतं, याचं मला पटलेलं उत्तर या एका निरीक्षणात आहे. समोर नसलेल्या माणसाची दखल घेण्याची सवय ते देतं. तुम्ही किस्सा सांगता तेव्हा समोरचा तुमच्या वतीने अर्धं काम करत असतो. त्याच्या कपाळावर आठी आली की तुम्ही मागे जाता, 'म्हणजे तो आपला जुना स्टोअरकीपर' असं जोडता. तो कंटाळला की उडी मारता. हसला की तीच जागा थोडी ताणता. हे इतकं आपसूक होतं की आपण ते करतोय हेच आपल्याला कळत नाही. कागद मात्र आठी घालत नाही. ऐकणाऱ्याने करायचं सगळं काम, शंका काढणं, कंटाळणं, 'कशावरून?' म्हणणं, आता तुम्हालाच करावं लागतं. स्वतःला 'कशावरून?' विचारणं यालाच मी विचार करणं म्हणते. म्हणून ज्याला लिहिण्याची सवय लागते त्याचा विचार बहुधा सुधारतो. बहुधाच, कारण वाचकाला न जुमानता वर्षानुवर्षं लिहिणारेही पुष्कळ आहेत.

'बोलतोस तसंच लिही' हा सल्ला इथे लंगडा पडतो. खात्री करायची असेल तर तुमचा सगळ्यात गाजलेला किस्सा फोनवर रेकॉर्ड करा आणि शब्दन् शब्द उतरवून काढा. वाचवणार नाही. अर्धी वाक्यं तुटलेली, 'तो', 'हा', 'ते तसलं' कोणाला उद्देशून ते कळत नाही, आणि जिथे लोक हसले तिथे कागदावर काहीच नाही, कारण तिथे तुम्ही भुवई उडवली होती. शंकर पाटील, द. मा. मिरासदार आणि व्यंकटेश माडगूळकर या तिघांनी महाराष्ट्रभर कथाकथनाचे कार्यक्रम केले, सभागृहं भरली. पण तिघांच्याही कथा आधी कागदावर उभ्या राहिल्या होत्या. कागदावर घट्ट बांधलेली कथा मंचावर सैल सोडता येते. मंचावरची सैल गोष्ट कागदावर आणायची तर पुन्हा बांधावी लागते, आणि ते बांधकाम वेगळं असतं.

विचार आधी की लिहिणं आधी, याला ठरलेलं उत्तर नाही. टिळकांनी गीतारहस्याचा खर्डा मंडालेच्या तुरुंगात, १९१०-११ च्या हिवाळ्यात, पेन्सिलीने, काही महिन्यांत पुरा केला. ग्रंथ छापला गेला तो सुटकेनंतर, १९१५ मध्ये. पण विषय कित्येक वर्षं डोक्यात घोळत होता. तेव्हा 'लिहायला बसलं की सुचतंच' असं सांगणाऱ्यांवर फार भिस्त ठेवू नका. जे डोक्यात मुरलेलं नाही ते लिहायला बसल्यावर थोडंफार सुचतं, आणि बरंचसं आधी कुठेतरी वाचलेलं असतं.

आता वडिलांवरचा लेख. तुमचा खर्डा मी पाहिलेला नाही, पण अशा लेखांचं पहिलं वाक्य मला तोंडपाठ आहे: "माझे वडील अत्यंत कष्टाळू, प्रामाणिक व शिस्तप्रिय होते." दुसरा परिच्छेद अडतो तो याच वाक्यामुळे. तीन विशेषणांत सगळं सांगून झालं, आता उरलं काय?

समजा ते एसटीत कंडक्टर होते. प्रामाणिक होते म्हणजे काय करत? एक प्रसंग तुम्हाला नक्की आठवेल: रात्री घरी आल्यावर लक्षात आलं की डेपोत भरलेल्या रकमेत पाच रुपयांची गफलत आहे, तर जेवण ताटात टाकून सायकल काढली. ठीक. हा तुमचा किस्सा, मित्रांतही चालत असणार. तो लिहा. मग दुसरा एखादा प्रसंग लिहा, जो तुम्ही मित्रांत सांगत नाही. समजा असा: या माणसाचा पगार किती होता ते तुमच्या आईला शेवटपर्यंत माहीत नव्हतं. महामंडळाला पाच रुपयांचा हिशेब आणि घरात कसलाच नाही. दोन प्रसंग शेजारी ठेवले की 'प्रामाणिक' हा शब्द टिकत नाही, आणि खोटाही ठरत नाही. आता तुम्हाला प्रश्न पडतो, पहिल्यांदाच, की वडिलांबद्दल आपल्याला नक्की काय वाटतं. साहेब म्हणतात ते 'विचार स्पष्ट नाहीत' इथे खरं आहे. वडिलांबद्दल आपले विचार स्पष्ट नसतात, असायला हवेत असंही नाही. पण ते स्पष्ट आहेत असं दाखवणारं पहिलं वाक्य खोडायलाच हवं. आणि शेवटी 'असे असले तरी ते एक थोर पिता होते' अशी मलमपट्टीही करू नका. अशा वाक्यापाशी मी हमखास लाल पेन उचलते.

प्रसंग आणि विचार यांची वीण कशी घालावी, याची आपल्याकडे जुनी आणि फार चांगली शाळा आहे: कीर्तन. नारदीय कीर्तनात पूर्वरंगात एखादं पद किंवा अभंग घेऊन त्याचं निरूपण होतं, सिद्धांत मांडला जातो. मध्ये बुवांना हार घालतात, बुक्का लावतात. मग उत्तररंगात आख्यान लागतं, आणि ते पूर्वरंगात मांडलेल्या सिद्धांताच्या बाहेर जाता कामा नये. कसलेले बुवा आख्यान कितीही रंगलं तरी शेवटी मूळ पदावर येतात. वारकरी कीर्तनात असं वेगळं आख्यान नसतं. एकच अभंग धरून चरणाचरणाचं निरूपण चालतं आणि दृष्टांत, प्रमाणं त्यातच येतात. तुम्ही दोन्ही ऐका, यूट्यूबवर मुबलक आहेत, आणि ऐकताना फक्त एवढं टिपा: बुवा विचारातून गोष्टीत कुठे शिरतात आणि गोष्टीतून विचारात कुठे परततात. माझ्याकडे येणाऱ्या हस्तलिखितांत बहुतेक वेळा नुसता पूर्वरंग असतो, नाहीतर नुसता उत्तररंग. शिक्षक पहिल्या प्रकारचे, पोलीस खात्यातले निवृत्त अधिकारी दुसऱ्या. (डॉक्टर मंडळी तिसऱ्याच प्रकारची, ती थेट उपदेश करतात.) कीर्तनाची एक मर्यादा मात्र लक्षात ठेवा. तिथे आख्यान सिद्धांताला दुजोरा द्यायलाच येतं. तुमच्या लेखात प्रसंगाने तुमच्या सिद्धांताला विरोध केला तर करू द्या. कीर्तनात चालणार नाही ते लेखात चालतं.

एक अवांतर, पण आजकाल टाळता येत नाही. यंत्राकडून लिहून घेतलेला मजकूर हल्ली माझ्याकडेही येतो. गुळगुळीत असतो, वाचून काही खटकत नाही. पण शीतकक्षाच्या त्या पहिल्या रिपोर्टमध्येही व्याकरणाचं काही खटकत नव्हतं. यंत्राला अलार्म पाळीत किती वेळा वाजतो हे माहीत नाही, आणि तुम्ही सांगितल्याशिवाय कळणारही नाही. सांगायचं तर तुम्हाला आधी ते लक्षात यायला हवं. शुद्धलेखन तपासून घ्या, खुशाल. कारण शोधायचं काम देऊ नका.

आता प्रत्यक्ष काय कराल. रिपोर्टसाठी: फॉर्म उघडण्याआधी घडलेलं सगळं एका सहकाऱ्याला सांगतोय असं रेकॉर्ड करा. मग ते एका ओळीत एक वाक्य असं उतरवा. प्रत्येक दोन वाक्यांमध्ये थांबून बघा, पहिल्यातून दुसरं निघतं की नुसतं त्याच्यानंतर येतं. नुसतं नंतर येत असेल तिथे खूण करा. त्या खुणांची उत्तरं रजिस्टरमध्ये, लॉगमध्ये किंवा प्लांटवरच्या माणसाकडे मिळतील, टेबलावर नाही. सगळ्यात शेवटी कंपनीच्या भाषेत बसवा. 'करण्यात आले' लिहावंच लागत असेल तर लिहा, पण कोणी केलं ते आधी तुमच्या वहीत असू द्या.

लेखासाठी उलटं. रेकॉर्ड करू नका, कारण बोलताना तुम्ही पुन्हा तोच गाजलेला किस्सा सांगाल. मित्रांना न सांगितलेले प्रसंग हाताने लिहून काढा, त्रोटक का होईना. त्यातले कोणते दोन एकमेकांशी भांडतात ते शोधा आणि तिथून सुरुवात करा.

दोन्ही खर्डे कोणाला तरी वाचायला द्या, आणि इथे जोड्या बदला. रिपोर्ट, नावं आणि आकडे गाळून, बायकोला द्या. तिने तुमचा प्लांट पाहिलेला नाही, त्यामुळे ती जिथे "म्हणजे काय?" म्हणेल तिथे खरोखर काहीतरी राहिलेलं असेल. लेख वडिलांना न भेटलेल्या माणसाला द्या. घरच्यांना देऊ नका, ते रडतील आणि छान झालाय म्हणतील. "आवडलं का?" असं विचारू नका. "कुठे थांबलास?" एवढंच विचारा.

राहिला कोर्स. सध्या फी वाचवा. वरचं दोन-तीन महिने करून पाहा, मग कुठे अडतंय ते तुम्हाला नेमकं सांगता येईल आणि कोर्सवाल्याला काय विचारायचं तेही कळेल. तेव्हा लावलात तर असा लावा जिथे तुमचा मजकूर कोणीतरी ओळ न् ओळ वाचून खुणा करून परत देतं. नुसती व्याख्यानं असलेला नको. ऐकण्यात आणि बोलण्यात तुम्ही आधीच तयार आहात.